यादीत नाव आहे का?

वालूरला सरकारी कागदाबद्दल पहिला प्रश्न एकच विचारला जातो, ‘यादीत नाव आलं का?’ कागद कशाचा आहे हा प्रश्न दुसरा, आणि तो पुष्कळदा विचारायचा राहूनच जातो. घरकुलाची यादी, पीकविम्याची यादी, अतिवृष्टीच्या अनुदानाची यादी, कर्जमाफीची यादी, लाडक्या बहिणींची यादी. सेलूची एसटी चुकली तरी चालेल, यादी चुकता कामा नये. ग्रामपंचायतीच्या भिंतीवर कागद डकवला की खिशातून चष्मे निघतात आणि बोटं वरून खाली सरकू लागतात. ज्याचं नाव सापडतं तो गुपचूप घरी जातो. ज्याचं सापडत नाही तो बाकीच्यांची नावं मोठ्यानं वाचून दाखवतो.

नाव हुडकण्याच्या या विद्येत मराठवाड्याचा हात धरणारा कोणी नाही. आमचा मुलूख १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाचा. त्यामुळे आजोबांची जमीन उर्दूत, पणजोबांची देणीघेणी मोडीत, बापाचा सातबारा मराठीत आणि नातवाचं आधार कार्ड इंग्रजीत. एकाच घराचा माग काढायला चार लिप्या लागतात. १९५४ च्या खासरा पत्रकाची नक्कल ट्रंकेच्या तळाशी, साडीच्या घडीत जपून ठेवणारी घरं आजही आहेत. २०२३ साली न्यायमूर्ती संदीप शिंदे समितीनं कुणबी नोंदी धुंडाळायला घेतल्या, तेव्हा तर उर्दू-मोडी वाचणाऱ्या म्हाताऱ्यांना जावयाहून जास्त मान मिळाला. चष्म्याचा नंबर वाढलेला असूनही.

अशा गावात एक दिवस हॉटेलात चहा पिताना मी सांगून बसलो की जगात पेटंटचीही एक यादी आहे, ती सगळ्यांना उघडी आहे, आणि माणसाचं नाव टाकलं की त्यानं काय शोध लावला ते दिसतं.

‘आधार लागतं?’ मामांनी विचारलं. गावातल्या सगळ्यांचे ते मामा आहेत, अगदी त्यांच्या सख्ख्या भाच्यासकट.

‘नाही.’

‘ओटीपी?’

‘नाही. फक्त वेडीवाकडी अक्षरं दिसतात, ती ओळखून टाकायची.’

मामांचा विश्वास तिथंच उडाला. ओटीपी न मागणारी यादी सरकारी असू शकत नाही, हे त्यांचं ठाम मत. तरी माणूस चिकाटीचा. ‘बरं, नाव निघालं तर खात्यावर किती पडतात?’

‘पडत नाहीत मामा, आपणच भरायचे. एकट्या माणसाला ऑनलाइन अर्जाला १,६०० रुपये, तपासणी मागायला ४,०००, पेटंट मिळालं की तिसऱ्या वर्षापासून दरवर्षी नूतनीकरणाची फी वेगळीच.’

अर्धी मंडळी कपबशी खाली ठेवून उठली. लाभार्थ्यानं पैसे भरायची यादी वालूरनं याआधी फक्त घरपट्टीची पाहिली होती.

मामा मात्र बसून राहिले. त्यांना वेगळंच खटकलं होतं. ‘शोध लावला त्यानं, पैशे भरले त्यानं, अन् मग तो शोध कसा लावला ते सगळ्यायला उघडं करून ठिवायचं? चोरायला?’

मला वाटतं पेटंट कायद्यावरची निम्मी व्याख्यानं या एका प्रश्नात मावतात. सौदाच तसा आहे. तुम्ही तुमची युक्ती कागदावर अशी उलगडून लिहायची की त्या विषयातल्या जाणत्याला ती वाचून करता आली पाहिजे. बदल्यात सरकार म्हणणार, अर्जाच्या तारखेपासून २० वर्षं दुसरा कोणी ती करू लागला तर तुम्ही त्याला अडवा. २० वर्षांनी ती सगळ्यांची. साधारण १८ महिने अर्ज झाकलेला राहतो, मग पेटंट कार्यालयाच्या जर्नलात छापला जातो, आणि त्या दिवसापासून नाव, पत्ता, आकृत्या, सगळं चव्हाट्यावर. चोरायला नव्हे, पुढच्यानं तेच पुन्हा शोधत बसू नये म्हणून.

‘अन् फी न्हाई भरली तं?’

‘तर तेही तिथंच लिहितात. नूतनीकरणाची फी न भरल्यामुळे बंद.’

‘म्हंजे सोसायटीचा थकबाकीदार बोर्ड,’ मामा म्हणाले, आणि पहिल्यांदाच त्यांना ही यादी खरी वाटली.

‘जगात जर्मनी, भारतात परभणी’ ही म्हण आमच्याकडे रांगणारं पोरसुद्धा म्हणतं. या म्हणीचा जर्मनीशी काही कागदोपत्री संबंध लागेल अशी मला आशा नव्हती. पण युरोपियन पेटंट ऑफिसचं मुख्यालय जर्मनीतच आहे, म्युनिकला. जर्मनीचं स्वतःचं पेटंट कार्यालयही त्याच शहरात. म्युनिकच्या त्या मंडळींनी ‘एस्पासनेट’ नावाचं शोधयंत्र सगळ्यांना फुकट खुलं केलंय आणि त्यात जगभरातले १५ कोटींहून जास्त पेटंट-कागद आहेत. भारताचं दप्तर वेगळं, त्याच्या शोधयंत्राचं नाव ‘इनपास’, आणि तेही फुकट. म्हणजे वालूरच्या हॉटेलात बसून, मोबाइलला दांडी आली तर, माणूस जर्मनीतल्या दप्तरात शिरू शकतो. दांडी येणं हा भाग परभणीचा.

शिरल्यावर खरी पंचाईत सुरू होते, कारण शोध सापडणं सोपं, माणूस सापडणं अवघड.

मामांनी आधी त्यांच्या ओळखीचं नाव सांगितलं, ‘आइन्स्टाइन टाका.’ टाकलं. त्यांची अपेक्षा अणुबाँबची होती. निघाला फ्रीज. लिओ झिलार्ड या मित्राबरोबर आइन्स्टाइननं बिनमोटारीच्या फ्रीजवर डोकं लढवलं होतं आणि १९३० साली अमेरिकेत त्याचं पेटंटही घेतलं. त्याच नावावर १९३६ सालची आणखी एक नोंद आहे, अंगात घालायच्या एका सदऱ्याच्या डिझाइनची. सापेक्षतेच्या सिद्धांताचं पेटंट नाही, सदऱ्याचं आहे. हा माणूस १९०२ ते १९०९ स्वतः बर्नच्या पेटंट कार्यालयात नोकरीला होता, तेव्हा कशाचं मिळतं आणि कशाचं नाही हे त्याला पक्कं ठाऊक असणार. मे महिन्यातली परभणी सोसलेल्या मामांचं म्हणणं, फ्रीजच मोठा शोध.

मग मी मार्क ट्वेनचं नाव टाकलं. त्याच्या नावावर तीन पेटंटं आहेत हे मला माहीत होतं. कपडे आवळायचा कमीजास्त करता येणारा पट्टा, डिंक न लावता कात्रणं चिकटवायची वही आणि इतिहासाच्या सनावळ्या पाठ करून घेणारा एक खेळ. पण ट्वेन या नावाखाली शोधून उपयोग नाही, कारण ते टोपणनाव. दप्तरात तो सॅम्युएल क्लेमेन्स म्हणून बसलाय. विनोदी लेखकांत आपल्या नावावर पेटंट असणारा हा गडी विरळाच. मराठीतल्यांनी वहीत काय लिहायचं याचाच विचार केला, वही कशी चिकटेल याचा नाही.

टोपणनावाची ही गोष्ट वालूरला समजावून सांगावी लागत नाही. आमच्याकडे माणसाचं खरं नाव दोनदाच उच्चारलं जातं, एकदा बारशाला आणि एकदा निवडणुकीच्या बूथवर. बाकी वेळ तो बंडू, पिंट्या, बापू, दाजी, भाऊसाहेब नाहीतर पाटील. बँकेचा माणूस वसुलीला येऊन ‘प्रल्हाद कुठं राहतात?’ विचारतो तेव्हा गाव मनापासून म्हणतं, असा कोणी इथं नाही. खोटं बोलत नाही गाव. खरंच माहीत नसतं. खुद्द प्रल्हादरावही तिथंच उभे राहून ‘न्हाई बुवा’ म्हणतात, ते मात्र वेगळं.

बायकांचं तर विचारू नका. हेडी लामार ही हॉलीवूडची देखणी नटी. जॉर्ज अँथाइल या संगीतकाराला सोबत घेऊन तिनं एक युक्ती काढली: पाणतीराला रेडिओवरून दिलेला हुकूम शत्रूला मधेच दाबता येऊ नये म्हणून फ्रीक्वेन्सी सारखी बदलत ठेवायची. ११ ऑगस्ट १९४२ ला पेटंट मिळालं. पण दप्तरात हेडी लामार शोधाल तर बसाल शोधत. ती तिथं हेडी किस्लर मार्की आहे. मार्की हे दुसऱ्या नवऱ्याचं आडनाव, आणि पेटंट हाती पडेपर्यंत त्याच्याशी काडीमोडही झालेला होता. नवरा गेला, आडनाव नोंदीत कायमचं राहिलं.

अमेरिकेत निदान आडनावच बदलतं. आपल्याकडे तांदळाच्या ताटात अंगठीनं अख्खं नवं नाव लिहितात. माहेरी सुनीता, सासरी वैष्णवी, रेशनकार्डावर सुनिताबाई, बचत गटाच्या पासबुकात एस. व्ही. आणि गावात ‘अमक्याची माय’. या बाईनं उद्या एखादं यंत्र काढलं तर तिच्या नातीला ते दप्तरात शोधून काढायला वेगळं यंत्र काढावं लागेल.

त्यात स्पेलिंग. ज्ञानेश्वर, ज्ञानोबा ही नावं परभणी जिल्ह्यात घरटी एक. त्यातला ‘ज्ञ’ इंग्रजीत कोणी डीएनवाय नं सुरू करतो, कोणी जीवाय नं, कोणी डीवाय नं, आणि एखादा संस्कृतचा अभ्यास झालेला जेएन नं. एकाच माणसाच्या दहावीच्या सनदेवर एक, पॅनवर दुसरं आणि पेटंटच्या अर्जावर तिसरं. दुसऱ्या टोकाला देशमुख. नुसतं देशमुख टाका, यादी संपत नाही. त्यातले आपले कोण, लातूरचे कोण, अमरावतीचे कोण आणि कॅलिफोर्नियात स्थायिक झालेले कोण, हे सांगायला यंत्र नव्हे, लग्न जमवणारा मध्यस्थ लागतो.

स्पेलिंगचं सगळ्यात सुंदर उदाहरण मात्र भिसे. शंकर आबाजी भिसे, जन्म २९ एप्रिल १८६७, मुंबई. छापखान्यासाठी शिशाचे खिळे ओतणारं यंत्र त्यांनी केलं, ‘भिसोटाइप’. आधी लंडनला गेले, तिथं दादाभाई नौरोजींनी त्यांना आधार दिला, मग अमेरिकेत स्थिरावले आणि १९३५ साली न्यूयॉर्कमध्ये वारले. दोनेकशे शोध, त्यातले चाळीसेक पेटंट घेतलेले. तिकडचे लोक त्यांना भारताचा एडिसन म्हणत, आणि १९३० साली ते खऱ्या एडिसनलाही भेटून आले. या गृहस्थांनी इंग्रजी स्पेलिंगला शेवटी एक वाय लावला. तो वाय टाकला तर न्यूयॉर्कचे भिसे सापडतात. गाळला तर माग निघतो जळगाव जिल्ह्यातल्या शेंदुर्णीच्या गोपाल मल्हारी भिसे यांचा, ज्यांनी सायकलीचं कोळपं केलं आणि त्याला ‘कृषिराजा’ नाव दिलं. राष्ट्रीय नवप्रवर्तन प्रतिष्ठानच्या नोंदींत ते सापडतात. एक भिसे अक्षरं ओतणारे, एक भिसे तण काढणारे. मधे एक वाय.

शंकर आबाजींच्या काळातले अमेरिकन पेटंट-कागद वाचताना मला सेलूच्या अर्जनविसाची आठवण येते. सुरुवातच अशी, की सर्वांना कळावे, मी अमुक, इंग्लंडच्या राजाचा प्रजाजन, राहणार अमुक ठिकाणी, याने एक नवीन व उपयुक्त सुधारणा केली असून, वगैरे. खरेदीखताच्या ‘कारणे लिहून देतो ऐसा जे’ची ही सख्खी मावशी. चतुःसीमाही असतात. जमिनीच्या कागदात पूर्वेस नाला, पश्चिमेस अमक्याचा बांध. पेटंटात त्यांना दावे म्हणतात, माझी हद्द इथून इथपर्यंत. भांडणंही तिकडे आणि इकडे एकाच जागी होतात, बांधावर.

सातबाऱ्याची गोष्ट निघालीच आहे तर तेही सांगतो. पेटंटच्या कागदावर दोन रकाने असतात, एक शोधकाचा आणि एक अर्जदाराचा. गावचा पोरगा पुण्यात कंपनीत लागला, त्यानं डोकं चालवून काही बनवलं, तर शोधकाच्या रकान्यात त्याचं नाव येतं. अर्जदार बहुधा कंपनी, आणि हक्क कंपनीचा. हे ऐकल्यावर मामांनी पायरीवर तंबाखूची पिंक टाकली. ‘म्हंजे सातबारा कंपनीच्या नावावर, अन् आपलं पोरगं नुसतं कूळ?’

‘तसंच.’

‘आमच्याकडं पन्नास सालीच कूळकायदा झाला. कसंल त्याची जमीन. मग शोधंल त्याचं पेटंट का न्हाई?’

हैदराबाद राज्याचा कूळ कायदा १९५० चा, हे खरं. पुढच्या प्रश्नाला मला उत्तर सुचलं नाही. सुचेल तेव्हा विधिज्ञांना कळवीन.

तर माणसं अशी हरवतात. गावं त्याहून जास्त. वालूर डब्ल्यूनं लिहायचं का व्हीनं, शेवटी यू एक का ओ दोन, यावर आमच्या एसटीच्या पाटीचं, पोस्टाचं आणि शाळेच्या दाखल्याचं एकमत नाही. त्यातून वालूरचा माणूस अर्ज करताना पत्ता देतो पुण्याच्या फ्लॅटचा. मग गाव टाकून शोधलं की हाती येतं ते शून्य नाहीतर भलतंच. दादाजी खोब्रागड्यांचं घ्या. ‘एचएमटी’ तांदूळ शोधणारे दादाजी नांदेडचे, असं वाचून आमच्या भागातले लोक कॉलर ताठ करतात. पण ते नांदेड आमचं गोदावरीकाठचं नव्हे, चंद्रपूर जिल्ह्यात नागभीड तालुक्यातलं एक खेडं. दीडदोन एकराचा धनी. १९८३ च्या सुमाराला धानात दोनचार लोंब्या निराळ्या दिसल्या म्हणून त्यांनी त्या बाजूला काढल्या, वर्षामागून वर्षं निवडत नेल्या, आणि बारीक दाण्याचं वाण तयार झालं. तेव्हा मनगटावर ऐट होती एचएमटी घड्याळाची, म्हणून नावही तेच. तांदूळ राज्याराज्यांत गेला, ताटाताटांत गेला. पोत्यावर नाव घड्याळाच्या कंपनीचं. दादाजी ३ जून २०१८ ला गेले.

पेटंट कार्यालयात जाऊनही त्यांच्या हाती काही लागलं नसतं. आपल्या १९७० च्या पेटंट कायद्याचं कलम ३ म्हणजे ‘कशाचं मिळणार नाही’ याची यादी आहे, आणि ती मी हॉटेलात वाचून दाखवली. बियाणं आणि वनस्पती, नाही. शेती करायची पद्धत, नाही. परंपरेनं चालत आलेलं ज्ञान, नाही. खेळ खेळायची रीत, नाही. नुसतं डोक्यात चालवायची युक्ती, नाही. निसर्गनियमाच्या उघड विरुद्ध असलेलं यंत्र, तेही नाही. शेवटच्या कलमावर कोपऱ्यातला एक गृहस्थ खिन्न झाला. पेट्रोलशिवाय चालणारी मोटारसायकल तो बरीच वर्षं मनात चालवतोय. बाकीच्यांचं म्हणणं पडलं की कायदा करणाऱ्यानं वालूरला येऊन, माणसं बघून, एकेकाचं काय काय बाद करायचं ते ठरवलेलं दिसतंय. बियाण्यांसाठी २००१ चा वेगळा कायदा आहे, पीक वाणांच्या संरक्षणाचा, आणि त्यात शेतकऱ्यालाही आपलं वाण नोंदवता येतं. पण तेही परत एक यादीच.

बियाण्याच्या पिशवीवर माणसाऐवजी गावाचं नाव जातं, हे त्यातल्या त्यात बरं. परभणीच्या कृषी विद्यापीठानं केवड्याला दाद न देणारी भेंडी काढली, तिचं नाव ‘परभणी क्रांती’. परभणीत झालेली आणि देशभर पोचलेली अशी क्रांती मला तरी दुसरी ठाऊक नाही.

कुणी म्हणेल, मग या याद्यांचा सामान्य माणसाला उपयोग काय. हळदीचा किस्सा आठवा. मार्च १९९५ मध्ये अमेरिकेतल्या मिसिसिपी विद्यापीठाला जखमेवर हळद लावण्याबद्दल पेटंट मिळालं. ज्या वसमत-हिंगोलीकडे पोराचं ढोपर फुटलं की आजी डॉक्टरच्या आधी हळदीच्या डब्याकडे धावते, तिथल्या माणसाला ही बातमी ऐकून हसावं का रडावं ते कळेना. नुसतं हसून भागलं नसतं. सीएसआयआरचे प्रमुख होते रघुनाथ माशेलकर, गोव्यातल्या माशेलचे. त्यांच्या संस्थेनं अमेरिकन कार्यालयात जाऊन ‘आमची आजी लावायची’ असं सांगितलं नाही. आजी कागद नसते. त्यांनी जुने ग्रंथ आणि १९५३ सालचा वैद्यकीय नियतकालिकातला निबंध धरून ३२ संदर्भ पुढे ठेवले. १९९७ मध्ये पेटंट रद्द झालं. ट्रंकेच्या तळाशी जपलेला कागद काय करू शकतो, हे आम्हा खासरावाल्यांना नव्यानं सांगायला नको.

हे ऐकून गावाला चेव आला. आपल्याकडे पेटंट घेण्यासारखं काय आहे यावर चर्चा सुरू झाली आणि बारवेवर येऊन थांबली. वालूरची चक्राकार बारव आता फोटोंमुळे दूरदूर माहीत झालीय. गाळाकचऱ्यानं भरलेली ती बारव गावकऱ्यांनी राबून मोकळी केली, तेव्हा तिचा गोल फिरत उतरणारा जिना पुन्हा दिसायला लागला. तिचं पेटंट घ्यायचं ठरलं तर दावे कसे लिहावे लागतील, ते मी तिथंच कपाच्या कडेला वही टेकवून लिहून दाखवले.

दावा १: जमिनीखालच्या पाण्यापर्यंत जाण्याची अशी एक रचना, की जिच्यातल्या पायऱ्या सरळ न उतरता आतल्या कडेनं गोल फिरत खाली जातात. दावा २: दावा १ मधील रचना, जिच्यात पाणी कितीही खाली गेलं तरी माणसाला त्याच्यापर्यंत पायानं पोचता येतं. दावा ३: दावा १ किंवा २ मधील रचना, जिला दोर, पोहरा, मोटार, केबल, ट्रान्सफॉर्मर आणि रात्रीच्या पाळीची वीज यांपैकी काहीही लागत नाही.

तिसऱ्या दाव्यावर टाळ्या पडल्या. मामांनी विचारलं, मंजूर होईल का? होणार नाही. शतकानुशतकं उघड्यावर असलेली गोष्ट नवीन ठरत नाही आणि परंपरेचं ज्ञान कलम ३ मध्येच बाद. पण उलट बाजूनं बघा. उद्या म्युनिकच्या दप्तरात कोणी असा जिना ‘नवा शोध’ म्हणून घेऊन गेला, तर त्याला खोटं पाडायला आमची बारव पुरेशी आहे. अट एकच, तिचं मोजमाप, आकृती आणि तारीख कुठंतरी छापलेली हवी.

एरवी पेटंटचा आणि वालूरकडच्या माणसाचा संबंध फ्लेक्सवर येतो. ‘सरांना आंतरराष्ट्रीय पेटंट प्राप्त झाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन’, खाली शुभेच्छुकांचे बारा फोटो, चौघांना गॉगल. सार्वजनिक दप्तराचा खरा आनंद इथं आहे. अर्ज क्रमांक टाकला की दिसतं, पेटंट मिळालेलं नाही, अर्ज नुसता प्रकाशित झालाय. जादा फी भरली की तो लवकर प्रकाशित होतो, तपासनीसानं अजून त्याला हातही लावलेला नसतो. कधी ते पेटंट नसून इंग्लंडमधली डिझाइनची नोंदणी निघते, जी तिथं नावीन्याची तपासणी न होताच मिळते. शोधकांच्या रकान्यात चार राज्यांतले नऊदहा प्राध्यापक. वस्तू एक, भातुकलीएवढी. सगळ्यांना पदोन्नतीचे गुण हवेत, त्यांचंही चूक नाही. पण दहा जणांनी मिळून एक स्मार्ट केरसुणी शोधावी याचं मला कौतुक वाटतं. एका घरात दोन माणसांचं केरसुणीवर एकमत होत नाही.

भारतातल्या पेटंटच्या यादीची सुरुवात कशानं झाली हे सांगितल्यावर तर हॉटेलात बराच वेळ कोणी काही बोललं नाही. १८५६ साली कंपनी सरकारनं पहिला कायदा केला आणि ३ मार्चला कलकत्त्याच्या जॉर्ज आल्फ्रेड डीपेनिंग यानं पहिला अर्ज टाकला. यंत्र कसलं, तर पंखा ओढायचं. तेव्हा साहेबाच्या डोक्यावर कापडी झालरीचा पंखा टांगलेला असे आणि व्हरांड्यात बसलेला पंखेवाला त्याची दोरी ओढत राही. साहेबाला कायद्यानं संरक्षण द्यावंसं वाटलं ते त्या दोरीला. पंखेवाल्याचं नाव कोणत्याही रकान्यात नाही. त्याच वेळी हॉटेलातली लाइट गेली आणि छताचा पंखा थांबला, त्यामुळे विषय तिथंच पुढे सरकला.

आता कामाचं. गावातल्या वेल्डिंगवाल्यानं यंदा एक कोळपं केलंय. पुढे सायकलचं चाक, मागे हातात धरायला रुमणं, आणि पास बसवायच्या लोखंडी अँगलला एकाऐवजी दोन लांबट खाचा. नट सैल करायचा, पास सरकवायची, कपाशीच्या रुंद तासातून निघून सोयाबीनच्या अरुंद तासात शिरायचं. शिवाय पास जमिनीला किती कलती हवी तेही त्याच नटावर ठरतं. सायकल कोळपी पुष्कळ आहेत, पण दोन खाचांची ही करामत मी दुसरीकडे पाहिली नाही. नवी असेल, नसेल. ते दप्तर शोधल्यावर कळेल. अवजाराला कलम ३ आड येत नाही, पद्धतीला येतं. मी त्याला हे सांगायला दुकानात गेलो, तर तो म्हणाला, ‘काका, व्हिडिओ टाकायलोय आज. लै चालंल.’

त्याला थांबवलं, आणि तेच इथं सगळ्यांना सांगतो. अर्ज करण्याआधी वस्तू जगाला दाखवली की ती नवी राहत नाही, आणि हसणाऱ्या इमोजींवर पेटंट मिळत नाही. आधी अर्ज, मग व्हिडिओ. सगळं तयार नसेल तर तात्पुरता तपशील जोडून तारीख पकडता येते, पूर्ण तपशील द्यायला १२ महिने मिळतात. अर्ज इंग्रजीत किंवा हिंदीत करावा लागतो, मराठी चालत नाही. तेव्हा गावातल्या एखाद्या शिक्षकाला चहा पाजा. नाव आधारवर आहे तसंच घाला, बंडू घालू नका. लेकीसुनांनी काढलेलं असेल तर त्यांचंच नाव शोधक म्हणून घाला, नवऱ्याचं नको. आणि पत्त्याच्या रकान्यात पुण्याचा फ्लॅट न लिहिता वालूर, तालुका सेलू, जिल्हा परभणी असं लिहा. स्पेलिंग काय करायचं ते ग्रामसभेत ठरवून घेऊ. पेटंट जर्नल दर शुक्रवारी निघतं.